गेला म्हणजे कुठे गेला

नारायण पेठ, पुणे
२६ जानेवारी २०२५

चि. सुरुची,

आशीर्वाद आहेतच, ते दर वेळी लिहीत बसत नाही.

फोन बंद करून ई-मेल लिहायचं हे मीच काढलं, तेव्हा सुरुवातही मीच करते. आपण सासू-सुना फोनवर काय बोलतो? "जेवलीस का?" "हो. तुम्ही?" "हो." मग तू म्हणतेस आवाज तुटतोय, मी म्हणते हो तुटतोय, आणि दोघीही सुटतो. आवाज कधीच तुटत नसतो. लिहायला बसलं की निदान वाक्य तरी पूर्ण करावं लागतं. आयुष्यभर लोकांची मुद्रितं तपासून मी एवढं शिकले.

इकडे ठीक. प्रेस बंद झाला तरी मालकांचा मुलगा पीडीएफ पाठवतो आणि मी घरबसल्या चुका काढते. सध्याच्या कादंबरीत नायिका म्हणते, "माझी मदत कर." मी "मला" केलं. लेखकाने परत "माझी" केलं. मी परत "मला" केलं. सामना बरोबरीत आहे.

आता मुद्द्याचं. तुझा तिथला करार जूनमध्ये संपतो. पुढे काय, हे तू सांगत नाहीस आणि मी विचारत नाही. आज विचारते. परत येणार आहेस का? कर्वेनगरला आईवडिलांकडे राहिलीस तरी चालेल, माझ्याकडेच यायला हवं असा हट्ट नाही. पण या गावात तू असणार आहेस की नाही, हे मला कळायला हवं. केदारला जाऊन ऑगस्टमध्ये दोन वर्षं होतील. मुलगा माझा गेला, नवरा तुझा गेला; माणूस एकच. त्याच्याबद्दल मनात आलं ते सरळ बोलावं असं माणूस मला एकच उरलं आहे आणि ते मेक्सिकोत जाऊन बसलं आहे. बाकीच्यांपुढे त्याचं नाव काढलं की ते लगेच माझा हात हातात घेतात. मला हात नको असतो. केदार किती आळशी होता, एवढंच सांगायचं असतं.

जोडून सुट्टी आहे म्हणालीस. खोलीत पडून राहू नकोस. ते माया लोकांचे अवशेष तिकडेच कुठेतरी आहेत ना? एका बालकोशासाठी मी त्यांच्यावरची नोंद तपासली होती. लेखकमहाशय एका ओळीत "मय" लिहीत, दुसरीत "माया". एक काय ते ठरवा म्हटलं, तर त्यांनी मयासुराशी नातं जोडून दाखवलं आणि वर मलाच चहा पाजला. तेव्हा जाऊन खरं काय ते बघून ये. एकटी जाऊ नकोस. आणि तुला पोहता येत नाही, हे पाणी दिसल्यावर विसरू नकोस. घरात पोहणारा एकच होता.

कळावं, आणि कळवावं.

आई


मॉन्तेरे
६ फेब्रुवारी २०२५

ती. आई,

जाऊन आले. एकटी नाही गेले, ऑफिसमधली शर्मिला होती बरोबर. मूळची नाशिकची. तुम्ही ओळखत नाही.

कानकूनपर्यंत विमानाने गेलो. सकाळी हॉटेलच्या दारात बस आली. एका दिवसाची सहल होती: आधी अवशेष, मग जेवण, मग पोहणं. आम्ही दोघी मागच्या सीटवर बसलो. गाइडचं नाव रामिरो. तो आधी स्पॅनिशमध्ये विनोद सांगायचा, मग तोच इंग्लिशमध्ये. बस दोनदा हसायची. मी एकदाही हसले नाही, पण विनोद वाईट नव्हते.

चिचेन इत्सा म्हणून जागा आहे. मोठा पायऱ्यांचा पिरॅमिड. फोटोत दिसतो तसाच दिसतो. वर चढू देत नाहीत. समोर उभं राहून टाळी वाजवली की पायऱ्यांवरून पक्षी चिरकल्यासारखा आवाज परत येतो. रामिरोने सगळ्यांना टाळी वाजवायला लावली. लोक खूष झाले. मीही वाजवली. आला आवाज. मी थोडा वेळ थांबले, आता काहीतरी वाटेल म्हणून. काही वाटलं नाही, मग पुढे गेले.

एक चेंडूचं मैदान आहे. भिंतीत खूप उंचावर दगडी कडं आहे, त्यातून चेंडू घालवायचा, तोही हाताने नाही, कमरेने. खेळानंतर कुणाचा तरी बळी द्यायचे म्हणे. जिंकणाऱ्याचा की हरणाऱ्याचा यावर बसमध्ये वाद झाला. दगडांवर मोठाले सरडे ऊन खात पडले होते. त्यांच्याकडे बघायला बरं वाटलं. त्यांना कशाचंच काही नव्हतं.

जेवण ठीक होतं. भात होता.

मग सेनोते. त्या सगळ्या भागात जमिनीवर नदीच नाही. जमीन चुनखडीची आहे, पाऊस पडला की सगळं पाणी खाली मुरतं आणि पोटातून वाहतं. कुठेकुठे वरचं छत कोसळतं आणि खाली मोठ्या विहिरीसारखं पाणी उघडं पडतं. तेच सेनोते. अवशेषांजवळच्या सेनोतेत पूर्वी देवासाठी वस्तू टाकायचे, माणसंही टाकायचे. तिथे उतरू देत नाहीत. पोहायचं दुसऱ्या सेनोतेत. आधी शॉवर घ्यावा लागतो, अंगाला लावलेलं क्रीम पाण्यात जाऊ नये म्हणून. मग लाइफ जॅकेट देतात. दगडात खोदलेल्या ओल्या पायऱ्या आहेत आणि वरून झाडांची मुळं लोंबत पार पाण्यापर्यंत येतात. आम्ही दोघं पाण्यात उतरलो. गार होतं. काळे बारीक मासे होते. मान वर केली की आभाळाचा गोल तुकडा दिसतो. सगळे सुंदर सुंदर म्हणत होते. असेल सुंदर.

परतायला उशीर झाला. बस अडकली होती.

जूनचं अजून ठरवलेलं नाही. ठरवायला बसते आणि नुसतीच बसून राहते. एचआरने पण दोनदा विचारलं.

तब्येतीला जपा.

सुरुची


नारायण पेठ, पुणे
९ फेब्रुवारी २०२५

चि. सुरुची,

पत्र दोनदा वाचलं. पहिल्यांदा अर्थासाठी, दुसऱ्यांदा चुकांसाठी. ही सवय आता चितेवरच जाणार.

वर्णन चांगलं आहे. "जेवण ठीक होतं. भात होता." यात तुझी सगळी तब्येत मला कळली. तिकडे पाणी आहे आणि नदी नाही. आमच्याकडे नदी आहे. पाण्याचं विचारू नकोस. नदीपात्रात ढोलपथकं मात्र बारमाही वाहतात.

एक चूक सापडली. बसमध्ये "आम्ही दोघी" बसलात आणि पाण्यात "आम्ही दोघं" उतरलात. बायका दोन असल्या तर दोघी. त्यातला एक पुरुष असला तर दोघं. तेव्हा विचारते, या शर्मिलाला मिशा आहेत का?

रागावून विचारत नाही. म्हणजे थोडी रागावले आहे, पण तेवढ्यासाठी विचारत नाही. जूनबद्दल तू का ठरवत नाहीस त्याचं उत्तर या अनुस्वारात असेल, तर ते मला अनुस्वारातून कळू नये असं वाटतं.

आई


मॉन्तेरे
१० फेब्रुवारी २०२५

ती. आई,

टायपिंगची चूक आहे. कीबोर्ड शब्द आपोआप पुढे करतो. शर्मिलाला मिशा नाहीत.

रिलीज आहे, खूप काम आहे. नंतर लिहिते.

सुरुची


नारायण पेठ, पुणे
१६ मार्च २०२५

चि. सुरुची,

तुझं "नंतर" अजून आलं नाही. मीही लिहिलं नाही. मला आधी माझ्याशी भांडून घ्यायचं होतं.

टंकनदोष मला शिकवू नकोस. बोट चुकलं की "पाणी"चं "पानी" होतं. "दोघी"चं "दोघं" व्हायला बोट चुकावं लागत नाही, मन खरं बोलावं लागतं.

पहिला आठवडा मी तुझ्यावर चिडले होते. अजून दोन वर्षंही झाली नाहीत, असं भाजी घेता घेता कुणाला तरी बोलून जाईन अशी भीती वाटायची, म्हणून मी भाजी आणायलाच गेले नाही, बटाट्यांवर काढलं. मग स्वतःची लाज वाटली. पस्तिशीची मुलगी आहेस. काय माझ्याबरोबर बसून जन्मभर "माझी"चं "मला" करणार? तू त्या पाण्यात कुणाबरोबर उतरलीस तर मला आनंद व्हायला हवा. आनंद झाला असं खोटं लिहीत नाही. पण राग गेला.

तू मोकळी आहेस, हे तोंडाने म्हणायला मला जमलं नसतं. म्हणून करून दाखवायचं ठरवलं. केदारची खोली आवरली. कपाट उघडलं आणि सगळं काढलं. चंपा घासायची भांडी तशीच टाकून मदतीला आली. शर्ट उलगडून बघत म्हणाली, "आई, ह्ये कापड अजून चांगलं हाय. माझ्या भावाला व्हईल. नेऊ का?" म्हटलं ने. पँटी आणि स्वेटर एका संस्थेला दिले. तुझ्या साड्या आहेत तशाच आहेत, त्यांना हात लावला नाही.

परवा चंपाचा भाऊ तिला न्यायला आला. खाली गाडी लावून पाठमोरा उभा होता, निळ्या चौकड्यांचा शर्ट घालून. मी खिडकीतून बाजूला झाले. तेवढंच. बाकी काही झालं नाही मला, काळजी करू नकोस.

तर आता खोली रिकामी आहे. तुला अपराधी वाटावं म्हणून हे लिहीत नाही. तो कोण आहे ते सांग. तमिळ असेल, तिकडचाच असेल, मराठी येत नसेल तरी चालेल. मी सावकाश बोलेन. जूनमध्ये येणार नसशील तर तसंही सांग, मी ऐकून घेईन. माझं मागणं एकच आहे. तुझं लग्न झालं तरी मधूनमधून मला केदारबद्दल चार ओळी लिहीत जा. त्याचं चांगलंच लिहायला हवं असं नाही.

आई


मॉन्तेरे
१७ मार्च २०२५

आई,

त्याचे शर्ट का दिलेत?

मला विचारायचं होतं. एकदा तरी विचारायचं होतं ना. तो निळा चौकड्यांचा मी घेतला होता, लक्ष्मी रोडवरून, त्याला आवडला नव्हता, माझ्यासाठी घालायचा. तो चंपाच्या भावाच्या अंगावर आहे आणि तो रोज तुमच्या खिडकीखाली उभा राहणार आहे. तुमचं पत्र मी ऑफिसच्या कॅन्टीनमध्ये वाचलं आणि ट्रे टेबलावर इतक्या जोरात ठेवला की सगळे बघायला लागले. मला राग आला, आई. तुमचा भयंकर राग आला. आणि मग लक्षात आलं की केदार गेल्यापासून मला पहिल्यांदाच काहीतरी आलं. तरीही रागच आहे, अजून गेलेला नाही.

तुम्ही हे ज्याच्यासाठी केलंत तो माणूसच अस्तित्वात नाही. कुणी नाही. शर्मिलाही नाही. तुम्ही एकटी जाऊ नकोस म्हणालात म्हणून मी तिला तयार केली. नाशिकचीसुद्धा मीच केली.

सगळं सांगते. त्या दिवशीचं मी इथे कुणालाच सांगितलेलं नाही.

सहल बुक करताना वेबसाइटवर आधीच दोन माणसं लिहिलेली होती. एक करायचं तर बटण दाबायला लागतं. मी नाही दाबलं. मुद्दाम केलं असं नाही. हात पुढे गेला नाही, इतकंच. सकाळी रामिरोने नाव पुकारलं, "सुरुची, दोन." मी हो म्हटलं. त्याने हातात बांधायला कागदाच्या दोन पट्ट्या दिल्या. मी एक बांधली, एक पर्समध्ये ठेवली. शेजारच्या सीटवर पर्स ठेवली. गर्दी मोठी होती, कोण कुणाबरोबर हे कुणी बघत नव्हतं. अवशेष बघताना पुढच्या बाईने नवरा कुठे म्हणून विचारलं तेव्हा मी मागे बोट केलं. मागे खूप माणसं होती.

सेनोतेवर जॅकेटं वाटत होते. मला दोन दिली. मी एक घातलं आणि दुसरं हातात धरून उतरले. "आम्ही दोघं पाण्यात उतरलो" ते हे. त्याला आवडलं असतं वगैरे काही माझ्या मनात नव्हतं. मनात काहीच नव्हतं. थोड्या वेळाने हात गार पडला आणि ते जॅकेट सुटलं. मी वर येऊन पायरीवर बसले. ते मधोमध तरंगत राहिलं, रिकामं.

रामिरोने ते पाहिलं. मग मला पाहिलं. धावत आला आणि विचारलं, "तुमचे मिस्टर कुठे आहेत?"

आई, मी काय म्हणाले माहीत आहे? "से फुए." ऑफिसच्या क्लासमध्ये शिकलेलं स्पॅनिश. आपल्या "गेला"चं शब्दाला शब्द. आपल्या घरात दुसरा शब्द कुणी वापरलाच नाही ना. हॉस्पिटलमधून तुम्हाला फोन केला तेव्हाही मी "आई, केदार गेला" एवढंच म्हणाले होते आणि तुम्हाला लगेच कळलं होतं. इथे त्याचा अर्थ नुसता गेला असा होतो. निघून गेला. रामिरोने विचारलं, "कुठे गेला?" मी पाण्याकडे बघत होते, आधीपासूनच बघत होते. त्याला तेच उत्तर वाटलं.

त्याने शिट्टी फुंकली. सगळ्यांना पाण्याबाहेर काढलं. बायका मुलांना जवळ घेऊन कडेला उभ्या राहिल्या. तिथला जीवरक्षक मुलगा बुडी मारायला लागला, मग त्याच्यासोबत आणखी एक. ते सेनोते फार खोल आहे. ते खाली जायचे, वर यायचे, श्वास घ्यायचे, पुन्हा जायचे. वरून कुणीतरी दिवा धरला होता. कुणीतरी माझ्या खांद्यावर टॉवेल टाकला.

मी तेव्हाच सांगायला हवं होतं. सांगितलं नाही. का ते फक्त तुम्हाला सांगते. ते त्याला शोधत होते, आई. केदार सापडेल असं त्या सगळ्यांना खरंच वाटत होतं. मी बाणेरला हॉस्पिटलमध्ये पोचले तेव्हा सगळं होऊन गेलेलं होतं, सगळे हात मागे घेऊन उभे होते. ऑफिसच्या पार्किंगमध्ये पडला तो कुणी शोधण्याच्या आधीच गेला. त्याला कुणी शोधलंच नव्हतं. इथे अनोळखी माणसं त्याच्यासाठी पाण्यात उड्या मारत होती आणि मला बरं वाटत होतं. मी अगदी शांत बसून बघत होते. थोडा वेळ मला पण वाटलं, सापडेल.

मग तो मुलगा वर आला तेव्हा त्याचे ओठ निळे पडले होते. दगडाला धरून खोकत होता आणि पुन्हा जायला वळला. तेव्हा मी उठले. आधी मराठीतच निघालं. "अरे थांब, तो मेला आहे." कुणालाच कळलं नाही. मग स्पॅनिशमध्ये म्हणाले, मुएर्तो, आधीच मेला आहे, पुण्यात, इथे नाही. मेला हा शब्द मी त्याच्यासाठी पहिल्यांदा उच्चारला. दोनदा उच्चारावा लागला.

कुणी ओरडलं नाही माझ्यावर. मी वाट बघत होते ओरडण्याची. रामिरोने ते जॅकेट काठीने ओढून काढलं आणि ढिगात ठेवलं. त्या मुलाला गरम काहीतरी प्यायला दिलं. मी त्याची माफी मागितली, त्याने मान हलवली, माझ्याकडे बघितलं नाही. परतताना बसमध्ये विनोद झाले नाहीत. हॉटेलपाशी उतरताना रामिरो हळूच म्हणाला, "सकाळीच सांगायचं होतंत. मी एक लिहिलं असतं."

बस अडकली नव्हती. माझ्यामुळे उशीर झाला होता.

जूनचं मला ठरवता येत नाही ते यामुळे. तुम्ही समजताय तसं काही सुख इथे मला धरून ठेवत नाही. ठरवायला काहीतरी हवंसं वाटावं लागतं. इथे राहावंसं वाटत नाही. तिथे यावंसं वाटत नाही. तिथे आले की त्या खोलीचं दार उघडायला लागेल, आणि आता तर तिच्यात शर्टही नाहीत.

तुमच्यावरचा राग गेला की लिहीन. की असाच असताना लिहू?

सुरुची


नारायण पेठ, पुणे
२३ मार्च २०२५

चि. सुरुची,

तुझं पत्र एकदाच वाचलं. चुका तपासल्या नाहीत.

राग असताना लिही. असाच पाठव, मला चालेल.

शर्टांचं माझं चुकलं. तुला न विचारता मी तुला मोकळं करायला निघाले. घरात एक मुद्रितशोधक असली की ती न विचारता दुरुस्त्या करते, पण ते शर्ट माझ्या एकटीचे नव्हते. निळा शर्ट मी चंपाकडे परत मागणार नाही. दिलेली वस्तू मागवत नाही मला. तिला मात्र सांगितलं, भावाला म्हणावं कोपऱ्यावर थांब, दारात नको. तिने का म्हणून विचारलं नाही. चांगली बाई आहे.

आता माझं ऐक. तू त्या पायरीवर बसून जे केलंस, ते मी इथे खुर्चीत बसून करते आहे. केदारच्या नंबरवर येणारे फोन त्याने एकदा तापात पडला असताना माझ्या फोनवर वळवून ठेवले होते, ते मी तसेच राहू दिले. एका कर्जवाल्या कंपनीतून एक मुलगी फोन करते. "केदार सर आहेत का?" पहिल्या वेळी मी म्हटलं, "तो गेला." ती म्हणाली, "कधी येतील, मॅडम?" मी काय बोलावं? मी म्हटलं, "संध्याकाळी." आणि तिने खरंच संध्याकाळी केला. तेव्हा म्हटलं, "अजून आला नाही." तेव्हापासून चालू आहे. कधी तो ऑफिसात असतो, कधी आंघोळीला गेलेला असतो. मागे मी त्याला नाशिकलाही पाठवला होता. तुझी शर्मिला तिथलीच निघावी याची मला गंमत वाटली. ती मुलगी कधी कंटाळली नाही. गावातल्या सगळ्यांनी त्याचं नाव घेणं सोडलं होतं आणि ही पोर दर आठवड्याला केदार सर केदार सर करायची. फोन आला की मी हातातलं काम टाकून उचलायची.

तुला हे सांगितलं नाही, कारण तू माझी काळजी केली असतीस. किंवा केली नसतीस. सध्या तू काही करत नाहीस.

गुरुवारी तिचा फोन आला. तुझं पत्र टेबलावर छापून ठेवलेलं होतं. "केदार सर आहेत का, मॅडम?" मी म्हटलं, "केदार मेला." हा शब्द मी उभ्या आयुष्यात कुठल्याही मुद्रितात माणसासाठी राहू दिलेला नाही. त्याचं "निधन" करायचं, "देहावसान" करायचं, अगदी जागा कमी असली तर "गेले". गुरुवारी तो मी तसाच ठेवला.

ती म्हणाली, "सॉरी मॅडम. केव्हा?" मी खरी तारीख सांगितली. तिने हिशेब केला असणार. रागावली नाही. "मी नंबर काढून टाकते," म्हणाली. वाटलं आता ठेवेल. पण बिचारीला पुढचं लिहून दिलेलं असतं, ते तिच्या तोंडून निघालंच. "घरात आणखी कुणी असतं का मॅडम, ज्यांच्याशी बोलता येईल?"

मी म्हटलं, "सून असते."

"त्या आहेत का?"

"बाहेर गेली आहे."

"कधी येतील?"

सुरुची, मी "जूनमध्ये" म्हणाले.

फोन ठेवला आणि तिथेच बसून रडले. केदार मेला म्हणून रडले, इतक्या दिवसांनी, मोठ्याने. खालच्या मजल्यावरच्या बाई वर येऊन दार वाजवून गेल्या. त्या मुलीचा फोन आता येणार नाही. मी तिला जूनचं उगाच ठोकून दिलं की काय, ते मला माहीत नाही, तुलाच माहीत.

खोटं असेल तर तसं कळव. खरं असेल तर कळवत बसू नकोस, ये.

आई